ज्योतीराम पेंटरने बांधलेला गड

मार्गशीर्षातल्या उत्सवाला चिंचवडात पवनेच्या काठी तंबूतला सिनेमा लागायचा. ज्योतीराम पेंटर बायकोला घेऊन सगळ्यांच्या आधी पुढे सतरंजीवर जाऊन बसायचा. लोक सिनेमा बघायला यायचे, हा सिनेमाच्या आधीची नावं बघायला यायचा. नावं सरली की याचा सिनेमा संपला.

छबूबाईला अक्षर येत नव्हतं. पण नवऱ्याचं नाव तिला ओळखू यायचं, जशी कळपात आपली गाय ओळखू येते. कारण ज्योतीरामला एक खोड होती. बैलगाडी रंगवली काय, वाण्याची पाटी केली काय, खालच्या उजव्या कोपऱ्यात 'ज्योतीराम पेंटर, चिंचवड' लिहिल्याशिवाय त्याचा ब्रश धुतला जात नसे. तालमीतल्या मारुतीच्या चित्राखाली त्याने सही केली ती नेमकी शेपटीच्या टोकाला आली, आणि वस्तादाने त्याला दोनशे बैठका काढायला लावल्या. बैठका त्याने काढल्या. सही पुसली नाही.

तंबूत पडद्यावर नावं सुरू झाली की छबूबाई कोपर मारायची.

"आलं का?"

"येईल."

"हे कोन?"

"संगीत."

"आन् हे?"

"केशभूषा."

"मंजी?"

"केस विंचरणारा."

"इंचरनाऱ्याचं आलं आन् तुमचं न्हाई?"

तेवढ्यात नावं संपून राजवाडा यायचा. ज्योतीराम घाईने म्हणायचा, "ते खांब बघ. ते सगळे खांब माझे."

"मग खांबावर लिवायचं न्हाई व्हय?" छबूबाई म्हणायची आणि पदर डोक्यावर ओढून सिनेमा बघायला लागायची.

बारा वर्षं ज्योतीराम सकाळच्या गाडीने पुण्याला जाऊन एका स्टुडिओत रंगाऱ्याचं काम करत होता. बांबू, गोणपाट आणि प्लास्टर यांतून त्याने किती राजवाडे उभे केले याची मोजदाद नाही. त्याच्या संगमरवरी सिंहासनावर तीन राजे बसले आणि एक आत गेला. तो आत गेलेला राजा वजनदार होता, सिंहासनाचा दोष नव्हता, असं ज्योतीराम पुढे कितीतरी वर्षं सांगत असे. पण पडद्यावर नाव नेहमी कलादिग्दर्शकाचं. तो बिचारा दिवसातून एकदा सेटवर यायचा, पाईप ओढायचा, "अजून थोडं भव्य" म्हणायचा आणि जायचा.

स्टुडिओतून ज्योतीरामला मिळालेली मोठी कमाई म्हणजे एक निळसर काच. काळ्या दोऱ्यात ओवलेली, रुपयाएवढी. एका म्हाताऱ्या कॅमेरामनने जाताना दिलेली. ती डोळ्याला लावली की जगातले रंग मरतात आणि फक्त उजेड-अंधार उरतो, म्हणजे काळ्या-पांढऱ्या फिल्मवर काय उमटणार ते आधीच कळतं. म्हणून स्टुडिओतल्या भिंती हिरव्या, पोपटी, गुलाबी अशा चमत्कारिक असायच्या. पांढऱ्या भिंतीला कधी पांढरा रंग द्यायचा नाही, फिकट पिवळा द्यायचा. पांढरा उन्हात पेटतो आणि चित्र खाऊन टाकतो. हे एवढं एक शास्त्र ज्योतीरामला पक्कं येत होतं, आणि ते चिंचवडात कुणालाही ऐकायचं नव्हतं.

एकदा छबूबाई भावाच्या लग्नाला नवं लुगडं नेसून दारात उभी राहिली. "कशी दिसते मी?"

ज्योतीरामने काच डोळ्याला लावली. "करडी."

त्या लग्नाला तो एकटाच मागून चालत गेला.

बाकी त्याचा स्वभाव गरीब. गरीब म्हणजे इतका, की कुणी काही सांगितलं तर त्याच्या तोंडून 'नाही' हा शब्द फुटत नसे. 'व्हय मालक', 'बघू मालक', 'लय झकास मालक', एवढ्या तीन वाक्यांवर त्याचा संसार चालला होता. भीड भिकेची बहीण म्हणतात. ज्योतीरामकडे ती सख्ख्या बहिणीसारखी राहायला होती.

चौपन्न साली पुण्याचा स्टुडिओ मिटायला आला. रंगाऱ्यांना आधी रजा दिली, नट लोकांना मागून, आणि पाईपवाल्याला शेवटपर्यंत दिलीच नाही. ज्योतीराम घरी आला, आठ दिवस शेळ्या राखत बसला, आणि नवव्या दिवशी त्याने शेळ्यांच्या गोठ्याच्या दारावर एक पाटी रंगवून लावली: 'ज्योती चित्र. निर्माता: ज्योतीराम पेंटर. नेपथ्य: ज्योतीराम पेंटर.' शेळ्या दुसरीकडे बांधल्या.

छबूबाईने पाटीवरचं नाव ओळखलं. "हे दोनदा कसलं लिवलंय?"

"दोनदा नाही. दोन हुद्दे आहेत. निर्माता म्हणजे चित्र काढणारा मालक. नेपथ्य म्हणजे ते खांब वगैरे. दोन्ही मीच."

"आन् पगार कोन देनार?"

"निर्माता."

"कुनाला?"

ज्योतीरामने विचार केला. "नेपथ्याला."

छबूबाईने शेळ्यांना पाला टाकला. तिला एवढंच कळलं, की नवऱ्याचं नाव आता पडद्यावर येणार, तेही सगळ्यात आधी, केस विंचरणाऱ्याच्याही आधी. त्यासाठी तिने गोठा सोडला होता. ज्योतीरामलाही तेवढंच हवं होतं. चित्र चांगलं निघावं, लोकांनी रडावं, असल्या मोठ्या गोष्टी तो बोलायचा खरा, पण मनात तो तंबू होता, ती सतरंजी होती, आणि बायकोचं कोपर होतं.

चित्राचं नाव ठरलं 'इमानी बुरूज'. शत्रूने सहा महिने वेढा घातलेला एक गड, गडाचा एक ढासळलेला बुरूज, आणि तो बुरूज न सोडणारे मावळे. भांडवल कुठून आणायचं, तर त्याला सापडले महाळुंग्याचे पाटील सोपानराव. पन्नास एकराचे धनी, मिशी अशी की टोकावर लिंबू ठेवावं. त्यांनी जागा दिली, बांबू दिला, मावळे म्हणून गावातले साठ गडी दिले, आणि अट एकच घातली.

"किल्लेदार आमी होनार."

"व्हय मालक," ज्योतीराम म्हणाला. कथेत किल्लेदार सहा महिन्यांच्या उपासाने खंगलेला होता. सोपानराव खाटेवर बसले की खाट बोलायची.

आता चाकणला खरा किल्ला आहे, हे सगळ्या मुलखाला ठाऊक आहे. महाळुंग्यापासून दीड-दोन कोस. सोपानरावांनीही विचारलं, "आरं ज्योती, चाकनला एवढा किल्ला पडलाय, त्यो काय कामाचा न्हाई?"

ज्योतीराम एकदा जाऊन काच लावून तो किल्ला बघून आला होता. "आहे मालक, पण तो किल्ल्यासारखा दिसत नाही. भुईकोट आहे, उंची नाही. बाभळी माजल्यात, शेळ्या चरतायत. पडद्यावर गोठा वाटेल."

"पर खरा हाय की."

"खरा आहे तीच अडचण आहे," ज्योतीराम म्हणाला. त्याच्या बारा वर्षांच्या शास्त्राचं सार त्या वाक्यात होतं, आणि पुढच्या सगळ्या अनर्थाचंही.

महाळुंग्याच्या माळावर त्याने सहा महिन्यांत गड उभा केला. बांबूचा सांगाडा, वर गोणपाट, त्यावर प्लास्टर, आणि त्यात बोटाने ओढलेले चिऱ्यांचे सांधे. नुसता गड उभारणं सोपं होतं. तो जुना करणं ही ज्योतीरामची खरी कला. शेवटचे तीन आठवडे त्याने एकट्याने त्याला म्हातारं केलं. काजळी फासली, चहाच्या चोथ्याचं पाणी भिंतीवरून ओघळवलं, हिरव्या रंगाचं शेवाळ उगवलं, तोफेच्या गोळ्यांनी कपचे उडालेले दाखवले. एका सांध्यात त्याने पिंपळाचं रोप लावलं. मेंढपाळ येता-जाता विचारायचे, "पेंटर, ह्यो गड कवाचा?" आणि ज्योतीराम निळ्या काचेतून बघत म्हणायचा, "तीनशे वर्षांचा." विचारणाऱ्याने पायाचा खड्डा स्वतः खणलेला असायचा, तरी त्यालाही क्षणभर खरं वाटायचं.

गडावर मात्र त्याने सही केली नाही. छबूबाईने विचारलं तेव्हा म्हणाला, "अगं, आता पडद्यावरच येणार आहे."

कॅमेरा मिळाला तो एका रविवारपुरता. पुण्याचे लक्ष्मणराव हे कॅमेरामन ज्योतीरामच्या स्टुडिओतल्या ओळखीचे. त्यांना सोमवारी कोल्हापूरला दुसऱ्या कामावर जायचं होतं. एका दिवसात गडाची मोठी दृश्यं उरकायची, ती पुण्यातल्या एका वितरकाला दाखवायची, आणि त्याला आवडली तर पुढचं चित्र. नाही आवडली तर पुढचं काही नाही. शनिवारी ज्योतीराम कॅमेरा आणायला पुण्याला गेला. गड सोपानरावांच्या हवाली केला. जाताना हात जोडून म्हणाला, "मालक, नीट लक्ष द्या."

चूक तिथे झाली. सोपानरावांनी नीट लक्ष दिलं.

रविवारी सकाळी लक्ष्मणराव, कॅमेरा आणि ज्योतीराम भाड्याच्या लॉरीतून नाशिक रस्त्याने चाकणला आले आणि महाळुंग्याकडे वळले. चढ संपला आणि लक्ष्मणरावांनी डोळ्यांवर हात धरला. माळावर काहीतरी असं लखलखत होतं, की बघवत नव्हतं.

"ज्योतीराम, हा दवाखाना कुणाचा?"

ज्योतीरामने काच डोळ्याला लावली, काढली, सदऱ्याला पुसली, पुन्हा लावली.

गडाला चुना दिला होता. पायथ्यापासून तटापर्यंत पांढराशुभ्र, दोन हात दिलेला. खाली कमरेइतका गेरूचा पट्टा. गोळ्यांनी उडालेले कपचे शेणमातीने बुजवून सारखे केले होते. पिंपळाचं रोप उपटून त्या जागी कागदी फुलं. महादरवाजाला आंब्याचं तोरण, आणि तोरणाच्या वर, नीळ घालून, हातभर अक्षरांत: 'सुस्वागतम्'.

सहा महिने वेढ्यात अडकलेल्या गडाने शत्रूचं एवढं अगत्य कधी केलं नसेल.

दरवाजात सोपानराव किल्लेदाराच्या पोशाखात उभे होते. जरीचा अंगरखा, डोईला मंदील, मनगटावर घड्याळ. मागे साठ मावळे ओळीने, सगळ्यांची धोतरं रिठ्याने धुतलेली, दाढ्या घोटलेल्या. महाळुंग्याच्या न्हाव्याने शनिवारी सबंध फौज तासली होती.

"काय ज्योती, कसा वाटतो गड?" सोपानराव म्हणाले. "काल दिसभर तीस मानसं लावली. अरे, तू केला व्हतास, पर कसा? मढ्यावानी. पुण्याचं पाव्हणं येनार आन् गडाला पोपडं? लोकं म्हनत्याल, सोपानरावाला चुना मिळाला न्हाई व्हय? जत्रंला देवाचं देऊळ रंगवतो, मग ह्यो तर राजाचा गड!"

ज्योतीरामच्या तोंडात शब्द होता. जिभेच्या टोकापर्यंत आला होता. साठ मावळे बघत होते, सोपानरावांच्या मिशा आनंदाने थरथरत होत्या. शब्द परत गेला.

"लय झकास, मालक," ज्योतीराम म्हणाला.

लक्ष्मणरावांनी त्याला लॉरीमागे ओढलं. "अहो, झकास काय? उन्हात ही भिंत पेटणार. पांढऱ्या भिंतीपुढे पांढऱ्या धोतरातले मावळे उभे केले तर नुसती मुंडकी हिंडताना दिसतील. हे मी सांगायला हवं तुम्हाला?"

"नको."

"मग आता?"

ज्योतीराम काचेशी चाळा करत राहिला.

"वाटेत चाकणला एक पडका किल्ला लागला," लक्ष्मणराव म्हणाले. "काळा दगड, शेवाळ, ढासळलेला बुरूज. तुमच्या गोष्टीत आहे तस्साच. खालून कॅमेरा लावला तर उंचीही येते. तो कुणी बांधलाय?"

"तो खरा आहे."

"मग त्याला काय धाड भरलीय? लॉरी आहे, माणसं चढवा, अर्ध्या तासात सुरू करू. संध्याकाळपर्यंत सगळं घेऊन देतो."

छबूबाई पहाटेच येऊन गडामागच्या चुलाण्यावर साठ माणसांचं पिठलं ढवळत होती. ती उलथनं हातात घेऊनच आली. "जावा की मग चाकनला. चित्तर झालं मंजी झालं."

"अगं, आणि हा? सहा महिने मी इथे काय केलं मग?"

"गड बांधला."

"तो दिसायला नको का?"

"अवो, नाव कशापायी यायचंय? चित्तर काढलं म्हनून का गड बांधला म्हनून?"

बाईने अडाण्यासारखा विचारलेला प्रश्न, पण त्याने ज्योतीरामचे सरळ दोन तुकडे केले. निर्माता म्हणाला, चल चाकणला, बाई बरोबर बोलते. नेपथ्य म्हणालं, मग नावामागे माझं काय काम? खऱ्या किल्ल्यापुढे उभं राहून 'नेपथ्य: ज्योतीराम पेंटर' लिहिणार? तो किल्ला तुझ्या बापाने बांधला? मालकाने नोकराला गप्प करायला हवं होतं. पण ज्योतीरामच्या आतल्या मालकालाही कुणाला नाही म्हणता येत नव्हतं.

"इथेच घेऊ," ज्योतीराम म्हणाला. "गड पुन्हा जुना करतो. शेणकाला फासला, वर राख मारली, की तीन तासांत होतो."

"तीन तास? आत्ता नऊ वाजलेत," लक्ष्मणराव म्हणाले. "लगेच लागा."

लगेच लागायला एकच अडचण होती. सोपानरावांना सांगायला हवं होतं.

ज्योतीराम त्यांच्यापाशी गेला आणि हवापाण्याबद्दल बोलला. मग चुन्याबद्दल बोलला, चुना कुठला, भाजणी चांगली आहे. मग म्हणाला की काळ मोठा विचित्र असतो, पांढऱ्याचं काळं होतं. सोपानराव म्हणाले, खरं हाय, माझ्याच मिशीचं बघ, उलटं झालं. पुन्हा हवापाणी झालं. लक्ष्मणराव लॉरीच्या टपावर बसून बिड्या ओढत होते. साडेदहा वाजले. शेवटी छबूबाईनेच येऊन सांगितलं.

"पाटील, गडाला शेण फासायचंय."

सोपानराव उठून उभे राहिले. "आमच्या गडाला? शेन?"

"पांढरा रंग फोटोत उमटत न्हाई म्हनं. ह्यांना सांगाया लाज वाटती."

सोपानरावांनी मंदील काढून खाटेवर ठेवला. आवाज चढवला नाही, तेच वाईट झालं. "मंजी आमचा चुना वाईट. ज्योती, सकाळी तर झकास म्हनलास. आता साठ गड्यांसमोर आमच्या गडावर शेन मारनार. मारा. आमी काय, आमी बसतो हितंच."

मग त्यांची समजूत काढणं आलं. गावातली दोन वडीलधारी माणसं बोलावली. चहा झाला. चहा गुळाचा होता म्हणून सोपानरावांनी घेतला नाही, तो साखरेचा पुन्हा झाला. ज्योतीरामने पाय धरले, तेव्हा पाय मागे घेऊन सोपानराव म्हणाले, "फासा. पर 'सुस्वागतम्' तेवढं ऱ्हाऊ द्या." ते वाक्य अर्ध्या तासाने, भाकरी खाता खाता, त्यांनी आपणहून मागे घेतलं. पिठलं चांगलं झालं होतं.

एक वाजता गावातल्या बायका शेणाच्या पाट्या घेऊन भिंतीला भिडल्या. ज्योतीराम शिडीवर चढला आणि त्याचं सगळं भेकडपण खाली राहिलं. तिथून तो सोपानरावांनाही ओरडला, "पाटील, बाजूला व्हा, सावली पडतीय!" आणि पाटील बाजूला झाले. शेण, राख, काजळी, पुन्हा शेण. कुऱ्हाडीच्या उलट्या बाजूने कपचे उडवले. चुन्याचा पांढरा खालून कुठे कुठे डोकावत होता, त्याने गडाला असं काही वय चढलं की पहिल्यापेक्षा बरा झाला. साडेचार वाजता ज्योतीराम खाली उतरला, मागे जाऊन काच लावली, आणि त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. लक्ष्मणराव टपावरून उतरले आणि कॅमेरा लावायला लागले. "ज्योतीराम," ते म्हणाले, "हे आधी का नाही?" मग म्हणाले, "अजून तासभर ऊन आहे. तिरपं ऊन आहे, सोन्यासारखं. चला, मावळे!"

मावळे नव्हते.

साठांतला एकही नव्हता. तलवारी ओळीने गडाला टेकवून ठेवल्या होत्या, ढाली पालथ्या. साडेचार वाजले होते. गाई-म्हशींच्या धारा काढायची वेळ.

"अरे, पण वेढा?" लक्ष्मणराव ओरडले.

"वेढा उद्या बी ऱ्हाईल," सोपानराव शांतपणे म्हणाले. "म्हस कशी थांबंल?"

उरले होते एकटे किल्लेदार. त्यांना ढासळलेल्या बुरुजावर उभं केलं. घड्याळ काढायला लावलं. लक्ष्मणरावांनी कॅमेरा फिरवला, सूर्य डोंगराआड गेला, आणि 'इमानी बुरूज' या चित्राचा पहिला आणि शेवटचा तुकडा संपला.

पंधरा दिवसांनी पुण्यातल्या एका अंधाऱ्या खोलीत वितरकाने तो पाहिला. ज्योतीराम मागे भिंतीला टेकून उभा होता. पडद्यावर गड आला आणि खोलीतलं बोलणं थांबलं. काळाकभिन्न, चिरा-चिरा सुटलेला, उपाशी, हट्टी गड. आणि त्या गडाच्या बुरुजावर, दहा पावलं खाली पसरलेल्या ओल्या शेणाच्या वासाने हैराण झालेला, मंदिलाचं टोक नाकाला लावून उभा असलेला किल्लेदार.

वितरक इतका हसला की त्याला पाणी द्यावं लागलं. "विनोदी काढा," जाताना तो म्हणाला. "चालेल."

"बघू मालक," ज्योतीराम म्हणाला.

गड त्यानंतर एक पावसाळा टिकला. शेणाने गोणपाटाला बळकटी आली होती, असं त्याचं म्हणणं. मेंढपाळांनी त्यात मेंढ्या कोंडल्या, मग गोणपाट शेतावर गेलं, बांबू सोपानरावांकडे परत गेले. चाकणचा किल्ला होता तिथेच राहिला. शेळ्या ज्योती चित्रच्या कचेरीत परत आल्या. पाटी तेवढी दारावर राहिली, आणि शेळ्यांना तिची अडचण नव्हती.

पुढे दोन-तीन वर्षांत पिंपरी-चिंचवडच्या माळांवर कारखाने यायला लागले. शेतांची मोजणी झाली, तारांची कुंपणं पडली, आणि ज्योतीरामला 'आत येण्यास मनाई आहे' लिहिण्याचं भरपूर काम मिळालं. त्यातच बाटल्यांची बुचं करणारा एक कारखाना निघायचा होता. उद्घाटनाला मुंबईचे एक मंत्री यायचे ठरले. तारीख पक्की झाली, पत्रिका छापल्या. फक्त कारखाना झाला नव्हता. चार खांब आणि एक भिंत एवढा झाला होता. कंत्राटदार रंगराव हवालदिल झाला. फोटो काढायला लक्ष्मणरावांना बोलावलं होतं. ते म्हणाले, "चिंचवडात एक माणूस आहे. गोणपाटाचा गड उभा करतो. फक्त त्याला चुना दाखवू नका."

रंगराव मोटारीतून ज्योतीरामच्या दारात आला. पाटी वाचली, शेळ्या बघितल्या.

"पेंटर, बारा दिवसांत कारखाना पाहिजे. समोरून."

"आतून?"

"मंत्री कधी आतून बघतात का?"

"बटण दाबल्यावर काही वाजायला लागेल ना?"

"त्याची नको काळजी. मागे पिठाच्या गिरणीचं इंजिन ठेवतोय. आवाज पण येईल, धूर पण येईल." मग रंगराव जवळ सरकून म्हणाला, "आणि एक. भिंत पांढरीशुभ्र करा. नवा कारखाना आहे, चकचकीत दिसला पाहिजे."

ज्योतीराम उठून उभा राहिला. छबूबाई शेळीची धार काढत होती, तिचा हात थांबला.

"न्हाई," ज्योतीराम म्हणाला.

आयुष्यात पहिल्यांदा. आवाज चिरका निघाला, पण निघाला.

"काय नाही?"

"पांढरा न्हाई. फिकट पिवळा देणार, सावलीच्या बाजूला पोपटी. पटत असलं तर बघा. न्हाईतर दुसरा पेंटर बघा."

रंगरावाने मान्य केलं, कारण दुसरा पेंटर नव्हता. ज्योतीरामच्या पोटात एकच 'नाही' होता, तो बाहेर पडला. गोणपाटाच्या कारखान्याला तो नाही म्हणाला नाही, गिरणीच्या इंजिनाला म्हणाला नाही, मंत्र्यांना फसवायला म्हणाला नाही. रंगाला म्हणाला. त्याच्या शास्त्रात एवढंच पाप होतं.

बारा दिवसांत कारखाना उभा राहिला. दोन मजली, चोवीस खिडक्या, सगळ्या रंगवलेल्या, आणि तीन खिडक्यांत आत दिवा लागल्यासारखा उजेड. लोक म्हणाले, पेंटरला म्हातारचळ लागला, पिवळा-पोपटी कारखाना कुठे असतो का? उद्घाटन झालं. ढोपरापर्यंत हार घातलेल्या मंत्र्यांनी बटण दाबलं, गिरणी फडफडली, धूर आला, टाळ्या झाल्या. मंत्री भाषणात म्हणाले की अशा भक्कम वास्तूंवर देश उभा राहणार आहे. वारा नव्हता, म्हणून राहिला.

चौथ्या दिवशी पुण्याच्या वर्तमानपत्रात पहिल्या पानावर फोटो आला. ज्योतीरामने तो गोठ्याच्या दारात उजेडाला धरला. भिंत सरळ, दणदणीत, नव्या सिमेंटची. फोटोत मंत्री, व्यवस्थापक, रंगराव, सगळे जरा धूसर होते. कारखाना तेवढा खरा दिसत होता. पुढे खरा बांधून झाला, पण तो असा कधी दिसला नाही. खाली सगळ्यांची नावं होती. ज्योतीरामचं नव्हतं. त्याने शोधलंही नाही, सवय मोडली होती.

छबूबाईने हात पुसून कागद घेतला. ओळी तिला वाचता येत नव्हत्या, म्हणून ती चित्रच बघत राहिली. मग तिचं कोपर आलं.

"अवो, हे बघा की. आलं!"

"काय आलं?"

तिने बोट ठेवलं. भिंतीच्या खालच्या उजव्या कोपऱ्यात, मंत्र्यांच्या ढोपराशेजारी, बारीक पण स्पष्ट. ब्रश धुण्याआधी हाताने आपोआप केलेली सही.

छबूबाईने बोट एकेका अक्षरावरून फिरवलं आणि थबकली. "पर हे अर्धंच हाय. नाव बी पुरं न्हाई. पुढचं अक्षर कुठं गेलं? आन् पेंटर? आन् चिंचवड?"

ज्योतीरामने काच काढली, डोळ्याला लावली, आणि बराच वेळ बघितलं.

"मंत्र्यांच्या हाराखाली," तो म्हणाला.

"मग त्यांना जरा सरका म्हनायचं न्हाई व्हय?"